दहात सात म्हणणाऱ्या कस्तुरीअक्का

कस्तुरीअक्कांना लग्नाचं आवतण दिलं आणि 'नक्की यायचं बरं का' असं म्हटलं, की त्या क्षणभर छताकडं बघत आणि सांगत, "दहात आठ." अशी दहा लग्नं असली तर आठांना त्या पोचतील, दोनांना काही ना काही आडवं येईल, असा त्याचा अर्थ. आवतण देणाऱ्याचा चेहरा उतरायचा. मग त्या समजूत घालायच्या, "अरे, नक्की म्हणणारे निम्मे येत न्हाईत. माझे आठ खरे धरा."

आमच्या कचेरीतला कारकून रेवणप्पा याच्या मुलीला स्थळ आलं होतं. मुलगा अक्कांच्या ओळखीतला, म्हणून तो विचारायला आला. अक्का म्हणाल्या, "दहात सहा, बरा निघंल." रेवणप्पा भडकला. "अक्का, पोरीच्या जन्माचा सवाल हाय, आन् तुमी सहा म्हणायलाव?" अक्का शांतपणे म्हणाल्या, "बाकीच्यांनी दहात दहा सांगितलं ना? त्यांनी पोराला बघितलंय तरी का? मी बघितलंय, म्हणून सहा." लग्न झालं. पोरगा बरा निघाला. रेवणप्पा ऐटीत सांगायला आला, "बघा अक्का, तुमचं चुकलं." त्यावर अक्का इतक्या हसल्या की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. सहाचा अर्थ बरा निघण्याकडंच जास्त झुकतो, हे रेवणप्पाला समजावण्याच्या भानगडीत त्या पडल्या नाहीत.

अक्का म्हणजे डॉक्टर कस्तुरी बिरादार. कलबुर्गीत रोग कसा पसरतो याचं गणित मांडणारं एक लहानसं केंद्र होतं, त्याच्या त्या प्रमुख. मी तिथं गावोगाव फिरून माहिती गोळा करणारा सहायक. त्या मूळच्या खटकचिंचोळीच्या. संख्याशास्त्र शिकायला बाहेर पडल्या, परत आल्या, लग्न केलं नाही. नेसायला इरकल आणि पायांत कॅनव्हासचे बूट, कारण 'गावातला चिखल चपलेला सोडत न्हाई.' हिशेब कन्नडमध्ये करायच्या, भांडायच्या मराठीत, आणि ड्रायव्हर युसूफभाईंशी दखनीत गप्पा मारायच्या.

एकदा युसूफभाईंनीच त्यांना विचारलं, "अक्का, ये कंप्यूटर में बीमारी कैसा छोडते जी?" अक्कांनी गाडी थांबवायला लावली. रस्त्याच्या कडेला शेतात कडब्याच्या गंजी रचलेल्या होत्या. त्यांच्याकडं बोट दाखवून अक्का सांगू लागल्या. प्रत्येक गाव म्हणजे एक गंज. गोवराची लस न टोचलेली लेकरं म्हणजे तिच्यातला वाळलेला कडबा. ठिणगी कुठंतरी पडतेच. पण ती कुठल्या गंजीवरून कुठल्या गंजीवर जाईल, हे वाऱ्यावर ठरतं. आणि गावांमधला वारा म्हणजे माणसांचं येणं-जाणं. कोण कुठं जातं, कुणाला भेटतं, एवढं कळलं की संगणकात हजारो वेळा ठिणगी टाकून बघायची. बहुतेक वेळा जी गंज पेटते, तिथं आधी पाणी घेऊन जायचं.

"और नहीं जली तो?" युसूफभाईंनी विचारलं.

"तो लोगां हमकू पागल बोलते," अक्का म्हणाल्या, आणि दोघंही हसायला लागले.

हा वारा मोजायला आम्ही चिटगुप्प्याच्या बाजारात जायचो. काल कुणाकुणाला भेटलात, किती वेळ, जवळ बसलात की लांबून बोललात, असं प्रत्येकाला विचारायचं. लोकांना वाटायचं आम्ही पोलिसांची माणसं. मिरच्या विकणारी एक म्हातारी मात्र खुलून बोलायला लागली. सगळ्या भावकीची नावं घेतली, मग थांबून म्हणाली, "आन् ती समोरची लक्ष्मी. तिला भेटले न्हाई, पर तिच्याकडं बघितलं."

"बघितल्यानं गोवर होत न्हाई, आजी," अक्का म्हणाल्या.

"माझ्या बघण्यानं न्हाई होत. तिच्या बघण्यानं होतंय!"

अक्कांनी मला डोळ्यांनी खुणावलं, हेही लिहून घे. परतताना गाडीत म्हणाल्या, "माणिकप्पा, म्हातारी आणि ती लक्ष्मी रोज समोरासमोर बसतात. दिवसभर एकमेकींना शिव्या देतात. आपल्या गणितात ही भेट धरायलाच पाहिजे. भांडणाला माणूस जेवढं जवळ जातंय, तेवढं प्रेमाला जात न्हाई."

मला त्या माणिकप्पा म्हणत. नाव माणिक, 'अप्पा' त्यांनी जोडलेला. मी मुळातच अपराधी वाटून घेणारा माणूस आहे. शेजाऱ्याच्या घरात काच फुटली तरी मी आधी माझे हात बघतो. याची अक्कांना फार गंमत वाटायची. एका थंडीत मी ताप अंगावर काढून कामावर गेलो आणि आठवड्याभरात अर्धं केंद्र खोकायला लागलं. मी टेबलाटेबलापाशी जाऊन माफी मागत सुटलो. रेवणप्पा वैतागला, "अण्णा, खोकू तरी द्या निवांत." शेवटी अक्कांनी मला बोलावून समोर बसवलं आणि फळ्यावर सगळ्यांची नावं लिहिली. कोण कधी आजारी पडलं, कोण कुणाजवळ बसतं, कुणाच्या घरी आधीच ताप होता, असे बाण काढत गेल्या. मग बाणांवर आकडे टाकले. सगळ्यांत मोठे आकडे निघाले रेवणप्पाच्या घरातून येणाऱ्या बाणांवर. माझ्या नावापासून निघणारे बाण बारीकसेच राहिले.

"हे तुझं," त्या बारीक बाणांवर खडू आपटत त्या म्हणाल्या. "एवढं ठेवून घे. बाकीचं परत देऊन टाक, ते तुझं न्हाई."

"म्हणजे माझी चूक नाही?"

"शून्य म्हणणार न्हाई मी. कामावर यायला नको होतं तू. पण जेवढं हाय तेवढंच घ्यावं माणसानं. दुसऱ्याच्या वाटणीचं पाप उचलणं हीपण हावच झाली की."

इतक्या हिशेबानं माझी समजूत घालणारं माणूस मला पुन्हा भेटलं नाही. तो फळा पुसताना माझं खरंच हलकं झालं होतं. अर्थात, रेवणप्पाकडं संशयानं बघितलं याची टोचणी मला पुढं दोन दिवस लागली, ते सोडा.

स्वतःच्या चुकीबाबत अक्कांची रीत उलटीच होती. त्यांच्या गणितात कुणी चूक काढली, की त्या डब्यातली शेंगापोळी काढून त्याच्या हातावर ठेवत. शेंगदाण्याच्या कुटाची, तुपानं माखलेली, त्यांनी स्वतः लाटलेली. बाहेरून आलेला एक हुशार संशोधक याला चांगलाच बिचकला. अक्कांच्या निबंधातली एक चूक त्यानं भीत भीत दाखवली, तर बाई आनंदानं ओरडली, "सापडली का! मी म्हणतच होते कुठंतरी असणार," आणि पोळी पुढं केली. आपल्याला चिडवतायत की काय, हे त्याला शेवटपर्यंत कळलं नाही.

एक गोष्ट मात्र त्यांना मनापासून हवी होती, आणि ती लपवण्याचा त्यांनी कधी प्रयत्न केला नाही. इतकी वर्षं त्यांची गणितं छापून येत, परिषदांत वाचली जात. पण लस घेऊन जाणाऱ्या गाड्या नेहमी रोगाच्या मागून जात. आधी लेकरं आजारी पडणार, मग बोंब होणार, मग गाडी. निवृत्तीच्या आधी एकदा तरी गाडी रोगाच्या आधी पोचावी, एवढीच त्यांची इच्छा होती. "एकदा जमलं तर पुढचे लोक विचारत जातील," त्या म्हणायच्या. "न्हाई जमलं तर माझ्या मागं हे केंद्र पोरक्यासारखं पडंल."

शेवटच्या वर्षी ती संधी आली. सीमेपलीकडं महाराष्ट्रातल्या काही गावांत गोवर सुरू झाल्याची बातमी होती. आपल्या बाजूला अजून काही नव्हतं. आरोग्य खात्याच्या मोठ्या साहेबांनी अक्कांना बोलावलं. माणसं थोडी होती, गाड्या थोड्या. आधी कुठं पाठवू? अक्कांनी रात्रंदिवस संगणक चालवला आणि यादी दिली. चिटगुप्पा आणि बाजाराला जोडलेली मोठी गावं वर. सीमेवरची लहान गावं खाली. साहेबांनी विचारलं, "खात्री?" अक्का म्हणाल्या, "दहात सात." साहेब हसले आणि त्यांनी यादीवर सही केली. परवा सकाळी गाड्या निघणार होत्या. अक्कांना इतकं खूष मी कधी बघितलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही जेवायला बसलो. बसलो म्हणजे अक्का आणि युसूफभाई डबे उघडून बसले आणि बाकी आम्ही सगळे युसूफभाईंभोवती गोळा झालो. त्यांच्या डब्यात मसाल्याची भरली वांगी होती. रेवणप्पानं भाकरीचा तुकडा मोडला, मी दुसरा मोडला, तिसऱ्यानं वांगं उचललं. युसूफभाई डबा छातीशी धरून म्हणाले, "अरे हटो जी, मेरेकू भी भूक है!"

अक्का हसत बघत होत्या. "आज तुमचे डबे कामून आले न्हाईत रे?"

"पंचमी न्हाई का अक्का," रेवणप्पा तोंडात घास घेऊनच म्हणाला. "बायकू म्हायेरी गेली. कालच तिचा भाऊ न्यायला आलता."

"तुझी रे?"

"माझीपण गेलीय, अक्का," मी म्हणालो.

"कुठं?"

माझी बायको उमरग्याकडची. रेवणप्पाचीही तशीच सीमेच्या पलीकडची. तिसऱ्याची बायको आपल्याच बाजूची, मादन हिप्परग्याची, पण तिच्या दोन्ही बहिणी पलीकडं दिलेल्या, आणि त्याही पंचमीला तिथंच येणार.

"लेकरं घेऊन?"

"मग काय, माझ्यापाशी ठेवून जाईल व्हय?" रेवणप्पा म्हणाला. "मला सवताचा च्या करता येत न्हाई."

अक्कांचा हात घासासकट हवेतच थांबला. मला वाटलं ठसका लागला. मी पाणी पुढं केलं. त्यांनी ते घेतलं नाही. त्या आमच्या एकेकाच्या तोंडाकडं बघत होत्या. आम्ही बिनडब्याचे सगळे, आणि मध्ये आपला डबा वाचवणारे युसूफभाई, ज्यांच्या घरी पंचमी नव्हती.

"वारा," त्या म्हणाल्या. "माणिकप्पा, हा वारा मी धरलाच न्हाई."

मग आमच्याही डोक्यात उजेड पडला. अक्कांच्या गणितात बाजाराला जाणारी माणसं होती, बसनं कामाला जाणारी होती, शाळेत जाणारी लेकरं होती. सीमेपलीकडची माहिती दुसऱ्या राज्याची, ती आमच्यापर्यंत यायचीच नाही, म्हणून सीमा म्हणजे जणू भिंत धरलेली. आणि इकडं आमच्या भागातल्या निम्म्या सोयरिकी त्या भिंतीपलीकडं. श्रावण लागला की पलीकडं दिलेल्या लेकी कडेवरची लेकरं घेऊन अलीकडं येतात, अलीकडच्या पलीकडं जातात. आठ-आठ दिवस एका घरात सगळ्या बहिणींची पोरं एका अंथरुणावर लोळतात. गोवराला यापेक्षा चांगली सोय कुठली? आम्ही सगळे नवरे होतो. दरवर्षी बायकांना बसमध्ये बसवून देत होतो. एकाच्याही डोक्यात आलं नाही. आणि अक्का...

"मला कधी कुणी न्यायला आलं न्हाई," अक्का म्हणाल्या. स्वर अगदी साधा होता. "मी गेलेच न्हाई कुठं, तर आणणार कुठून? खटकचिंचोळी माझं घर होतं, म्हायेर झालंच न्हाई कधी. म्हणून दिसलं न्हाई मला." आणि मग एकदम चेहरा उजळला. "रेवणप्पा! तू शोधलास रे!" दोन शेंगापोळ्या त्यांनी त्याच्या हातावर ठेवल्या. रेवणप्पानं त्या लगेच खाऊन टाकल्या. आपण काय शोधलं, हे त्यानं विचारलंही नाही.

संध्याकाळपर्यंत आम्ही मिळेल त्याला विचारत होतो, बायको कुठली, बहीण कुठं दिली. अक्कांनी भिंत काढून टाकली आणि गणित पुन्हा चालवलं. यादी उलटी झाली. मादन हिप्परग्यासारखी सीमेजवळची गावं वर आली, चिटगुप्पा खाली गेलं.

मी म्हणालो, "अक्का, साहेबांनी सही केलीय. आता बदला म्हटलं तर ते पुन्हा कधी विचारणार नाहीत. तुमचं इतक्या वर्षांचं..." भीती मला माझ्यासाठी नव्हती, हे मी शपथेवर सांगतो. काही न बोलता गाड्या जाऊ दिल्या असत्या, तर कुणालाही काही कळलं नसतं.

"गाडी आधी पोचावी असं म्हणत होते मी," अक्का म्हणाल्या. "माझ्या यादीवर पोचावी असं न्हाई."

सकाळी खात्याच्या बैठकीत त्या उभ्या राहिल्या. "साहेब, परवा दिलेली यादी चुकली. ही नवी."

एक कुचका डॉक्टर तिथं होता. गणितानं रोग कळतो हे त्याला मुळातच पटत नसे. चूक कशी सापडली हे ऐकल्यावर तो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "म्हणजे मॅडम, तुमचं शास्त्र जेवणाच्या डब्यावर चालतंय म्हणा की!" सगळे हसले.

"व्हय, चालतंय," अक्का म्हणाल्या. "तुमचा डबा आलाय का आज, डॉक्टर?"

त्यानं नकारार्थी मान हलवली.

"वहिनी कुठं गेल्यात?"

"...सोलापूरकडं."

"लेकरं?"

"बरोबरच आहेत." त्यानं खिशातला फोन चाचपला. यावेळी कुणी हसलं नाही. थोड्या वेळानं तो उठून बाहेर जाऊन बायकोशी बोलून आला.

साहेबांनी पेन हातात घेतलं. "मॅडम, आता तरी खात्री?"

"दहात सात."

"परवापण सातच म्हणाला होतात तुम्ही!"

"परवाचे सात चुकीच्या गणितातले होते, साहेब. आजचे त्यापेक्षा बऱ्या गणितातले हायेत. अजून चुका असतील. पण मला सापडलेली चूक तुमच्यापासून ठेवून घेऊ का?"

साहेबांनी जुनी यादी फाडली.

गाड्या सीमेवरच्या गावांत गेल्या. लस टोचणाऱ्या बायका थेट बसथांब्यावर बसल्या. बसमधून लेकी उतरत, बापाला भेटायच्या आधी लेकराच्या दंडावर सुई. एक आजोबा संतापले, "आलेल्या पाव्हण्याला पयलं पानी तरी देऊ द्या!" लेकरं रडली, आयांनी त्यांना पेढे दाखवले, थांब्यावर नुसता गोंधळ.

आणि मग काही झालं नाही. दोन-चार लेकरांना पुरळ आलं, तिथंच थांबलं. गावात पसरलं नाही. चिटगुप्प्यातही काही झालं नाही, तिथं जाणाऱ्या गाड्या वळवल्याबद्दल माझ्या जिवाला उगाचच घोर लागून राहिला होता. लोक म्हणू लागले, काहीच नव्हतं, उगाच पळापळ केली. मला ते सहन होईना. मी अक्कांकडं गेलो. "अक्का, आपण गेलो म्हणून झालं नाही, की होणारच नव्हतं, हे आता कसं सिद्ध करायचं?"

"न्हाई करता येत," त्या आनंदानं म्हणाल्या. "पक्कं तर कधीच न्हाई. जे झालं न्हाई ते कुणाला दाखवणार? झालेलं दाखवायला आपण बसलोच न्हाई की, माणिकप्पा!"

पण साहेबांनी पुढच्या साथीच्या वेळी केंद्राला फोन केला, आणि त्याच्या पुढच्या वेळीही. आता अक्कांची एक विद्यार्थिनी ते काम बघते. तिच्या गणितात सीमा भिंत नाही. सणवार आहेत, जत्रा आहेत, ऊसतोडीला जाणं आहे.

अक्का निवृत्त होऊन धारवाडला पुतण्याकडं गेल्या आणि गेल्या थंडीत झोपेतच गेल्या. भेटायला जाईन जाईन म्हणत माझं जाणं राहून गेलं. यातला माझा वाटा केवढा, हे फळ्यावर काढून दाखवायला आता कुणी नाही. मी आपला अंदाजानं धरून चाललोय.

त्यांना शेवटचं बघितलं ते मादन हिप्परग्याच्या थांब्यावर. पंचमी होऊन गेली होती आणि लेकी सासरी परत निघाल्या होत्या. त्या दिवशी केंद्रात त्यांचा निरोप समारंभ होता. हार आणलेले होते, भाषणं ठरली होती. अक्का सकाळीच युसूफभाईंना घेऊन निघून गेल्या, आणि त्यांना परत आणायला मला धाडलं. पोचलो तर त्या एका वडापच्या जीपमध्ये बायकांच्या मधोमध दाटीवाटीनं बसल्या होत्या. उमरग्यापर्यंत जाऊन येते म्हणाल्या, लेकी कशा परत जातात ते बघायचंय.

"अक्का, तिकडं साहेब येऊन बसलेत!"

"बसू दे, त्यांना चहा दे."

एक बाई धावत आली, जीपमध्ये तिला जागा नव्हती. आमच्याकडं जे होतं तेच झालं. तिनं विचारलं नाही, सांगितलं नाही, आधी कडेवरचं लेकरू सरळ अक्कांच्या मांडीवर टाकलं आणि मग स्वतः मागच्या फळीवर चढली. लेकरानं अनोळखी बाईकडं बघितलं आणि अक्कांचा चष्मा ओढला.

गोवराचं पुरळ बहुतेक वेळा आधी कानामागं दिसतं. अक्कांनी लेकराचं डोकं हळूच आपल्या खांद्यावर टेकवलं, एक कान पुढं दुमडून मागं बघितलं. मग दुसरा. दोन्हीकडं लख्ख, तेलानं चमकणारी कातडी. मी जीपच्या बाहेर उभा होतो, माझ्याकडं त्यांचं लक्षच नव्हतं. त्या हसत होत्या, एकट्याच, आणि लेकरू त्यांचा चष्मा तोंडात घालत होतं. जीप सुरू झाली, धुरळा उडाला, आणि आतल्या बायकांनी त्यांना विचारलेलं मला एवढंच ऐकू आलं, "अक्का, तुमी कुण्या गावच्या?"